प्रकाशणारा नकाशा : एक अद्भुत कल्पना आणि बीदर-कलबुर्गीकडील तिची वास्तव रूपे

अद्भुत कथांच्या वाचकांस प्रकाशणाऱ्या नकाशाचा परिचय नव्याने करून द्यावयास नको. नायक अनोळखी मुलखात वाट चुकतो, रात्र पडते, आणि जवळची जीर्ण चामड्याची किंवा वस्त्राची घडी उलगडताच तीवरील रेषा आपोआप उजळू लागतात. नद्या रुपेरी होतात, डोंगर तांबूस दिसू लागतात, आणि ज्या वाटेने जावयाचे ती वाट तेवढी सोन्याच्या तारेसारखी चमकू लागते. मुलांच्या कादंबऱ्यांतून, चित्रपटांतून आणि संगणकावरील खेळांतून ही वस्तू आता इतकी रुळली आहे की, तिचे कोणास फारसे नवल वाटत नाही. आमच्या पुष्कळ अध्यापकमित्रांचा मात्र असा समज आहे की, ही कल्पना सर्वस्वी परकी असून मराठी मुलाच्या वाचनात ती उसनी आली आहे. करमणुकीपलीकडे तिच्यात काही नाही. हा समज तपासून पाहावा, नकाशातील या प्रकाशाचा नेमका अर्थ काय ते सांगावे, आणि बीदर व कलबुर्गी या सीमावर्ती जिल्ह्यांत या कल्पनेची जी प्रत्यक्ष रूपे आहेत त्यांकडे लक्ष वेधावे, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

प्रथम साधा नकाशा काय करतो ते पाहू. साधा नकाशा निःपक्षपाती असतो. त्यावर सर्व गावे, सर्व नद्या, सर्व रस्ते एकाच शाईने दाखविलेले असतात. तो कोणासाठीही काढलेला नसतो, म्हणून सर्वांच्या उपयोगी पडतो. परंतु याच गुणात त्याची उणीव आहे. वाटसरूला दोनच गोष्टी हव्या असतात : ‘मी या क्षणी कोठे आहे?’ आणि ‘या शंभर वाटांतून माझी वाट कोणती?’ साधा नकाशा या दोन्ही प्रश्नांना उत्तर देत नाही. ते वाटसरूने आपल्या बुद्धीने काढावयाचे असते. प्रकाशणारा नकाशा हीच उणीव भरून काढतो. तो अनेकांतून एकास उजळतो आणि उरलेल्यांस अंधारात ठेवतो. सर्वच रेषा सारख्या उजळल्या तर तो नकाशा पुन्हा साध्या नकाशाइतकाच मुका होईल. तेव्हा या नकाशातील प्रकाश ही शोभा नव्हे. तो निवडीचा व्यापार आहे. आणि निवड आली की तिच्या पाठोपाठ दोन प्रश्न येतात : ती कोणासाठी, कोणत्या अटीवर केली? आणि तिने अंधारात काय ढकलले? आमच्या मते ही कल्पना चांगली वापरली आहे की वाईट, हे या दोन प्रश्नांवरून ठरते.

पाश्चात्त्य साहित्यातील एक प्रसिद्ध उदाहरण घेऊ. टोल्किन यांच्या ‘द हॉबिट’ या १९३७ साली प्रसिद्ध झालेल्या कथेत एका डोंगराचा जुना नकाशा आहे. दिवसा तो साध्या नकाशासारखाच दिसतो. त्यावर ‘चांद्रलिपी’त लिहिलेला एक मजकूर आहे, चंद्राचा प्रकाश मागून पडला तरच ती अक्षरे दिसतात, आणि तीही ज्या ऋतूत व चंद्राच्या ज्या कलेत ती लिहिली गेली तोच ऋतू व तीच कला पुन्हा येईल तेव्हाच. येथे लेखकाने चमत्काराला कडक अट घातली आहे. नकाशा हाती असूनही तो योग्य रात्री, योग्य जाणकारापुढे उलगडला नाही तर निरुपयोगी. चमत्कार पटतो तो या अटीमुळे. ज्या कथांत नकाशा हवा तेव्हा, हवे ते दाखवितो, त्या कथांत प्रवास उरत नाही. केवळ पोहोचणे उरते.

आता आपल्याकडे येऊ. बीदर आणि कलबुर्गी हा मुलूख शतकानुशतके फार्सी कथांच्या सहवासात वाढला. १३४७ साली स्थापन झालेल्या बहमनी राज्याची राजधानी प्रथम गुलबर्ग्यास, म्हणजे आजच्या कलबुर्गीस होती; पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धात अहमदशहाने ती बीदरास नेली. महमूद गवानाने १४७२ च्या सुमारास बीदरास बांधलेला मदरसा हा इराणी विद्येचा दक्षिणेतील मोठा आश्रय होता. या विद्येबरोबर फिरदौसीच्या शाहनाम्यातील कथाही येथे परिचित झाल्या. त्यांतील कैखुस्रो राजाचा पेला हे प्रकाशणाऱ्या नकाशाचे फार जुने रूप होय. बिझन नावाचा वीर शत्रूच्या मुलखात एका विहिरीत कोंडला गेला असता राजा नौरोजच्या दिवशी तो पेला हाती घेतो, त्यात सातही खंडे पाहतो, आणि अखेर ती एक विहीर त्यास दिसते. पुढे हाच पेला जमशेदाच्या नावाने ‘जाम-ए-जम’ म्हणून फार्सी व उर्दू काव्यात रूढ झाला. पेल्यात सारे जग दिसते, ही गोष्ट सर्वांच्या लक्षात राहते. परंतु कथेचे मर्म एवढ्या जगातून एक विहीर निवडण्यात आहे, आणि तेही वर्षाच्या एका दिवशी.

याहून अधिक जवळचे उदाहरण उर्दू दास्तानांत आहे. हैदराबाद संस्थानात १९४८ पर्यंत राज्यकारभाराची भाषा उर्दू होती, आणि या भागातील जुन्या पिढीच्या सुशिक्षितांस, त्यांची घरची भाषा मराठी असो की कन्नड, उर्दू वाचता येई. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी लखनौच्या नवलकिशोर छापखान्याने ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ ही प्रचंड दास्तान प्रसिद्ध केली. तिलिस्म म्हणजे जादूने रचलेली मायासृष्टी. तिच्यात शिरलेल्या वीराजवळ ‘लौह’ असते. हा अरबी शब्द असून लोखंडाशी त्याचा काही संबंध नाही. लौह म्हणजे पाटी किंवा तख्ती. प्रत्येक वळणावर वीराने त्या पाटीकडे पाहावयाचे; पुढे काय करावयाचे, कोणत्या दारास हात लावावयाचा नाही, हे तीवर उमटते. पण ती पाटी ज्याच्या नशिबी ते तिलिस्म फोडणे लिहिले आहे त्यालाच वाट दाखविते, आणि तिचा सल्ला न घेता जो पाऊल टाकतो तो फसतो. आजच्या कथांतील प्रकाशणारा नकाशा आणि ही लौह यांत कल्पनेच्या दृष्टीने फारसे अंतर नाही.

मराठी परंपरेत हीच कल्पना अंजनाच्या रूपाने आली आहे. ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात, गुरुस्तुतीच्या ओघात, डोळ्यांत अंजन पडताच दृष्टीस नवी फूट येते आणि पाहावे तेथे भूमीतला महानिधी प्रकट होतो, असा दृष्टान्त आहे. लोकसमजुतीत यालाच जोड मिळाली ती पायाळू माणसाची. पायांकडून जन्मलेल्या माणसाच्या डोळ्यांत अंजन घातले असता त्यास जमिनीत पुरलेले धन किंवा वाहणारे पाणी दिसते, ही समजूत मराठवाड्यात व त्याच्या सीमेपलीकडे अजूनही ऐकू येते. समजुतीच्या सत्यासत्यतेशी येथे आपणांस कर्तव्य नाही. तिची घडण पाहण्यासारखी आहे : येथे जमीन हाच नकाशा, अंजन हा प्रकाश, आणि पायाळू असणे ही अट. लक्ष्मणशास्त्री हळबे यांच्या १८६१ च्या ‘मुक्तामाले’पासून मराठी कादंबरीने अद्भुताची जी वाट धरली, ती अशा समजुतींनी तयार झालेल्या वाचकाच्या भरवशावरच. तेव्हा ‘ही कल्पना आपली नव्हे’ हा आक्षेप टिकत नाही.

परंतु कल्पना आपली आहे एवढे सिद्ध केल्याने फार काही साधत नाही. अधिक महत्त्वाची गोष्ट ही की, कथेत जे जादूने होते ते या मुलखातील माणसांनी श्रमाने आणि शास्त्राने केले होते. त्याची तीन उदाहरणे येथे देतो : एक आकाशाचे, एक भूगर्भाचे व एक हस्तकलेचे.

आकाश हा प्रकाशाचा आद्य नकाशा. पण नुसत्या आकाशाने वाट सापडत नाही; असंख्य ताऱ्यांतून थोडे निवडावे लागतात. सप्तर्षी, ध्रुव, मृग ही नावे म्हणजे अशी निवडच होय. या निवडीचे यंत्ररूप म्हणजे ज्योतिषांचे ‘यंत्रराज’ हे उपकरण. पितळी तबकडीवर एक जाळी फिरते, आणि जाळीची टोके काही मोजक्या ताऱ्यांच्या जागा दाखवितात. दिल्लीच्या फिरोजशहा तुघलकाच्या आश्रयास असलेल्या महेंद्रसूरीने १३७० साली या यंत्रावर संस्कृतात ‘यंत्रराज’ नावाचा ग्रंथ लिहिला. त्यात ३२ ताऱ्यांची सूची आहे. डोळ्यांस दिसणाऱ्या हजारो ताऱ्यांतून बत्तीसच! गुलबर्ग्याच्या गादीवर १३९७ ते १४२२ पर्यंत असलेला फिरोजशहा बहमनी हाही ज्योतिषाचा व्यासंगी होता. दौलताबादेजवळच्या घाटमाथ्यावर त्याने १४०७ साली वेधशाळेचे काम आरंभिले. ते हाती घेतलेला हकीम हसन गिलानी मरण पावल्याने काम अपुरे राहिले, असे इतिहासकार फिरिश्ता सांगतो. आकाशाचा प्रकाश सर्वांवर सारखा पडतो. त्याचा नकाशा होण्यास मात्र माणसाचे ज्ञान लागते, आणि तो माणूस गेला की नकाशा अर्धाच राहतो.

दुसरे उदाहरण कारेझीचे. बीदर ज्या पठारावर वसले आहे त्याच्या माथ्यावर जांभ्या दगडाचा जाड थर असून त्याखाली काळा पाषाण आहे. जांभा सच्छिद्र असल्यामुळे पावसाचे पाणी त्यातून खाली मुरते आणि खालच्या घट्ट थराशी अडून आडवे वाहू लागते. पठाराच्या कडेशी जे झरे दिसतात ते यामुळेच. झरणी नरसिंहाच्या दर्शनास जाणारा भाविक लांब भुयारातून, कमरेच्याही वर चढणाऱ्या पाण्यातून चालत जातो. ते पाणीही या जांभ्याच्या पोटातलेच. बहमनी काळात इराणशी संबंध आलेल्या लोकांनी या भूरचनेचा लाभ घेऊन येथे कारेझी खणल्या. बीदरजवळच्या नौबाद येथील कारेझ यांत प्रसिद्ध असून ती दोन किलोमीटरांहून अधिक लांबीची आहे. स्थानिक लोक तिला कन्नडात ‘सुरंग बावी’ म्हणजे भुयारी विहीर म्हणतात. अशाच पाणीयोजना औरंगाबादेस मलिक अंबराच्या नहरीच्या रूपाने आणि बऱ्हाणपुरास कुंडी भंडाऱ्याच्या रूपाने आहेत.

कारेझ म्हणजे जमिनीखालून किंचित उताराने नेलेला बोगदा. उंचावरच्या भागात पाणी धरणारी मुख्य विहीर, तेथून निघालेला बोगदा, आणि बोगद्यावर ठराविक अंतराने जमिनीपर्यंत गेलेल्या उभ्या विवरांची रांग, अशी तिची रचना असते. या विवरांतून खणलेली माती वर काढावयाची, हवा खाली न्यावयाची, आणि पुढे गाळ काढण्यासाठी उतरावयाचे. प्रश्न असा की, जमिनीखाली काळोखात खणणाऱ्या माणसास दिशा कशी कळावी? सूर्य नाही, तारे नाहीत, क्षितिज नाही. होकायंत्राशिवाय हा प्रश्न इराणातील कारेझ खणणाऱ्यांनी, ज्यांस तिकडे ‘मुकन्नी’ म्हणतात, मोठ्या युक्तीने सोडविला. विवराच्या तोंडावर हव्या त्या दिशेने एक काठी आडवी ठेवावयाची आणि तिच्या दोन टोकांजवळून दोन ओळंबे खाली सोडावयाचे. खाली त्या दोन दोऱ्यांच्या रेषेत खणावयास लागले की वरची दिशा खाली उतरते. पुढे बोगदा लांबला की मागे त्याच रेषेत दोन दिवे ठेवावयाचे. खणणाऱ्याने वेळोवेळी मागे वळून पाहावे. दोन ज्योती एकीमागे एक येऊन एकच दिसली तर रेषा सरळ; दोन वेगवेगळ्या दिसल्या तर बोगदा वाकला. ज्योत मंदावली किंवा विझली तर हवा दूषित झाली असे समजून परतावयाचे. म्हणजे दिवा दिशाही सांगे आणि धोकाही.

कथेतील प्रकाशणाऱ्या नकाशापेक्षा हे दोन दिवे कोणत्या गोष्टीत उणे आहेत? अंधारात अनेक दिशांतून एक दिशा ते उजळतात. त्यांची अट स्पष्ट आहे : खणणाऱ्याने मागे वळून पाहिले पाहिजे. आणि जो हा नियम मोडतो त्याची फजिती कथेतल्या वीराइतकीच होते. फरक इतकाच की येथे जादू नसून अनेक पिढ्यांचा अनुभव आहे.

कारेझ पुरी झाल्यावर तिच्या विवरांचे एक चमत्कारिक द्विरूप दिसते. जमिनीवरून पाहणाऱ्यास ती काळ्या ठिपक्यांची रांग वाटते. बोगद्यात उतरलेल्यास तीच उजेडाच्या ठिपक्यांची रांग दिसते. पाणी कोणत्या वाटेने जाते ते वरच्या माणसास अंधाराच्या खुणांनी कळते आणि खालच्यास उजेडाच्या. ही विवरे ज्यांना ओळखता येतात त्यांच्यासाठी नौबादची जमीन हाच जिवंत नकाशा आहे. ज्यांना येत नाहीत त्यांच्यासाठी ते उघड्यावरचे खड्डे. कालांतराने यांतील काही विवरे बुजली, काहींत कचरा पडला. एकविसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात अभ्यासकांनी या कारेझीचा मार्ग पुन्हा शोधून काढला आणि गाळ काढण्याचे काम हाती घेतले गेले, ही समाधानाची गोष्ट होय. परंतु त्यातून एक धडा घेण्यासारखा आहे. नगररचनेच्या कागदावर जी रेघ नसते तिच्यावर घर उठविण्यास कोणी हरकत घेत नाही. नकाशाने जे उजळले नाही ते लोकांच्या दृष्टीने नाहीसे होते, आणि कालांतराने प्रत्यक्षातही नाहीसे होते.

तिसरे उदाहरण बिदरी कामाचे. बिदरी पात्र जस्तात थोडे तांबे मिसळून ओततात. ओतीव पात्र घासून गुळगुळीत केल्यावर त्यावर मोरचुदाचे पाणी लावून तात्पुरता काळेपणा आणतात, म्हणजे कारागिरास त्यावर नक्षीची रेघ काढता येते. ती रेघ छिन्नीने कोरून तीत चांदीची तार किंवा पत्रा ठोकून बसवितात. पुन्हा घासल्यावर सर्व पात्र करडे-पांढरे दिसू लागते; या अवस्थेत चांदी आणि भोवतीची धातू यांत भेद फारसा कळत नाही. शेवटी बीदरच्या किल्ल्यातील विशिष्ट माती नवसागरासह पाण्यात कालवून ती ऊन पात्रावर चोळतात. त्याने जस्ताची धातू गडद काळी होते. चांदीवर मात्र परिणाम होत नाही. त्याबरोबर सारी नक्षी एकदम उजळून उठते. ही क्रिया आमच्या विवेचनाच्या दृष्टीने फार बोलकी आहे. चांदी अधिक चमकावी म्हणून येथे चांदीस कोणी काही करीत नाही. भोवतीचे काळे केले जाते. प्रकाशणाऱ्या नकाशातही रेषा उजळते असे आपण म्हणतो, परंतु खरे पाहता उरलेला प्रदेश मागे सरतो. रेषेचे तेज आणि भोवतीचा काळोख ही एकाच क्रियेची दोन अंगे आहेत.

वाङ्मयाच्या क्षेत्रातील या मुलखाचा सर्वांत विलक्षण नकाशा म्हणजे दासोपंतांची पासोडी. दासोपंतांचा जन्म १५५१ साली बीदरच्या बादशाहीतील नारायणपेठ येथे झाला. वडिलांकडे सारा थकल्यामुळे लहानग्या दासोपंतास बीदरास ओलीस ठेवले गेले आणि दत्तात्रेयाने पाडेवाराच्या वेषात येऊन पैसे भरले, ही कथा सर्वश्रुत आहे. पुढे ते अंबाजोगाईस राहिले व १६१५ साली तेथेच समाधिस्थ झाले. त्यांनी सुमारे ४० फूट लांब व ४ फूट रुंद अशा जाड वस्त्रावर पंचीकरणाचा विषय ओव्यांत लिहून काढला, आणि ओव्यांच्या मध्ये आकृत्या घातल्या. पाच महाभूते, त्यांची मिश्रणे, त्यांतून घडलेला देह व त्यापलीकडचे चैतन्य, हा सारा पसारा एका दृष्टिक्षेपात उलगडावा अशी ती योजना होय. पोथीत पान उलटले की मागचे पान दिसेनासे होते. वस्त्रावर सर्व वाट एकदम पसरलेली दिसते. हे वस्त्र अंधारात चमकत नाही. पण साधकाने ‘मी कोठे आहे?’ असे विचारले असता त्यास ‘देहाच्या या थरात, आणि पुढची वाट ही’ असे उत्तर देण्यासाठीच ते लिहिले आहे. पांघरावयाच्या वस्त्राचा नकाशा करणारा हा कवी, वाटसरू आणि नकाशा यांचे नाते कोणत्याही अद्भुत कथाकाराहून अधिक चांगले जाणत होता, असे म्हणावयास हरकत नाही.

दासोपंतांच्या उल्लेखाने आपण एका नाजूक स्थळी येऊन पोहोचतो. त्यांच्या काळी बीदर व अंबाजोगाई यांच्यामधील वाट चालणाऱ्यास आपण एका भाषेच्या राज्यातून दुसऱ्या भाषेच्या राज्यात जात आहोत असे वाटले नसते. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद संस्थानाचे त्रिभाजन झाले. बीदर जिल्ह्यातील उदगीर, निलंगा व अहमदपूर हे तालुके तेव्हाच्या मुंबई राज्यात गेले. काही भाग आंध्र प्रदेशास मिळाला. बीदर, भालकी, हुमनाबाद व औराद म्हैसूर राज्यात, म्हणजे १९७३ पासूनच्या कर्नाटकात, राहिले. गुलबर्गा जिल्हाही बहुतांशी तिकडेच राहिला, व २०१४ साली त्या शहराचे अधिकृत नाव कलबुर्गी झाले. राज्याचा नकाशा काढताना एक रेषा ठळक करावी लागते, हे उघड आहे; तशी निवड केल्यावाचून राज्य चालत नाही. तीबद्दल येथे वाद मांडण्याचा हेतू नाही. परंतु बिदरी पात्राचे उदाहरण ध्यानात ठेवले तर एवढे दिसेल की, ती एक रेषा उजळताना भोवतीचे बरेचसे काळे झाले. भालकीचे मूल घरी मराठी, बाजारात कन्नड आणि शेजाऱ्याशी दखनी बोलते, ही गोष्ट कोणत्याच राज्याच्या नकाशात दिसत नाही. माणिकनगरच्या माणिकप्रभूंनी (१८१७–१८६५) मराठी, कन्नड, हिंदी-उर्दू अशा अनेक भाषांत पदे रचली. त्यांच्या पदांचा नकाशा काढावयाचा तर तो आजच्या कोणत्याही सीमारेषेशी जुळणार नाही.

येथे एक आक्षेप संभवतो. मुलांच्या करमणुकीच्या एका कल्पनेवर एवढा भार घालणे योग्य काय? आमचे उत्तर असे की, हा भार आम्ही घालीत नसून तो त्या कल्पनेतच आहे. आज प्रत्येकाच्या हाती असलेल्या दूरध्वनीच्या काचेवर, रात्रीच्या वेळी, काळ्या भूमीवर एक रंगीत रेषा आणि तीवर सरकणारा एक ठिपका दिसतो. अंतराळातील उपग्रहांच्या संदेशांवरून तो ठिपका आपली जागा सांगतो. अद्भुत कथेतील नकाशा अशा रीतीने सर्वांच्या खिशात आला आहे. मात्र कथेतील नकाशाला अट होती, आणि वाचक ती विचारीत असे. या नव्या नकाशाला कोणी काही विचारीत नाही. वाट कोणी निवडली, कोणत्या गावाचे नाव गाळले, कोणते नाव कोणत्या भाषेत लिहिले, हे प्रश्न मुलांच्या मनात उद्भवत नाहीत. ज्याने अद्भुत कथेतला नकाशा नीट वाचला आहे त्याच्या मनात ते उद्भवतील, अशी आमची खात्री आहे.

म्हणून अध्यापकांनी अशा कथांकडे पाठ फिरवू नये, तर त्या वर्गात घ्याव्यात आणि प्रत्येक वेळी तीन प्रश्न विचारावेत. या नकाशावर काय उजळते? कोणासाठी व कोणत्या अटीवर? आणि त्यामुळे काय अंधारात राहते? पहिल्या प्रश्नाने कथानक कळेल, दुसऱ्याने लेखकाचे कौशल्य, आणि तिसऱ्याने त्या कल्पित जगातील न्याय-अन्याय. निबंधासाठीही विषय अनायासे मिळेल. मुलांस ‘माझा जादूचा नकाशा’ लिहावयास सांगताना त्यांनी नकाशास निदान एक अट व एक उणीव द्यावी, एवढे बंधन घातले तरी लेखनात पुष्कळ फरक पडेल.

याच्या पुढची पायरी प्रत्यक्ष आहे आणि तिला खर्च नाही. प्रत्येक वर्गात एक काळा फळा असतो, आणि त्यावर खडूची पांढरी रेघ बिदरीतील चांदीप्रमाणेच उठून दिसते. त्या फळ्यावर गावाची नुसती बाह्यरेषा काढावी. एक दिवस तीत फक्त विहिरी, झरे आणि बारवा दाखवाव्यात; त्या मुलांनी घरातील वडीलधाऱ्यांस विचारून आणाव्यात. ते पुसून दुसऱ्या दिवशी आजी-आजोबा कोणकोणत्या बाजारास जात, उदगीर की हुमनाबाद, झहीराबाद की लातूर, त्या वाटा काढाव्यात. तिसऱ्या दिवशी कोणत्या गल्लीत कोणती बोली ऐकू येते ते लिहावे. चौथ्या दिवशी शेतांची, माळांची, ओढ्यांची जुनी नावे मांडावीत. गाव तेच, फळा तोच. पण दर दिवशी दुसरेच गाव उजळेल. पाचव्या दिवशी शासनाचा छापील नकाशा भिंतीवर लावून, आपण काढलेल्यांपैकी त्यात काय आहे आणि काय नाही, हे मुलांनीच सांगावे.

या उपक्रमातून जी विहिरींची आणि नावांची यादी हाती येईल ती वहीत उतरून ठेवावी, तिच्यावर सांगणाऱ्याचे वय व वर्ष घालावे, आणि शाळेच्या कपाटात तिला जागा द्यावी. जांभ्याच्या या पठारावर आणखी किती विवरे कोणत्या परसात आणि कोणत्या उकिरड्याखाली बुजत आहेत, ते त्या त्या गावच्या मुलांनी विचारल्यावाचून कळावयाचे नाही. आणि ज्या वृद्धांना त्यांच्या जागा अजून बोटाने दाखविता येतात त्यांना विचारावयास आता फार वर्षे उरलेली नाहीत.